बिस्किटांच्या डब्यातली मैत्रीण

आमच्या चिपळूणला पावसाळ्यात भिंतींनाही घाम फुटतो. अशा हवेत कॉलेजमधल्या मैत्रिणीची पत्रं ३५ वर्षं टिकवली आहेत. ती माझ्याशी बोलत नाही, मीही बोलत नाही. पण डबा आहे.

आधी एक सांगते, सेलोटेप लावू नका. घडीवर फाटलेलं आंतरदेशीय पत्र मी हौसेनं टेपनं चिकटवलं होतं. टेप कधीच सुटून पडली, पण तिचा गोंद तपकिरी होऊन कागदात मुरला, तोही नेमका ‘तुझीच’वर. आता फक्त ‘तु’ दिसतो. फाटलंय ते तसंच राहू द्या. घडी उलगडा, पत्र दोन कोऱ्या कागदांमध्ये घालून आठवडाभर जाड पुस्तकांखाली ठेवा आणि मग पोथी बांधतो तसं धुतलेल्या सुती कापडात बांधा. लॅमिनेशनच्या तर वाटेलाही जाऊ नका, ते परत निघत नाही.

मे महिन्यात पापडांबरोबर पत्रंही उन्हात टाकावीशी वाटतात. शाई उडते हो! सावलीत तासभर पसरली की पुरे. बुटांच्या खोक्यातल्या सिलिका जेलच्या पुड्या फेकू नका, डब्यात टाका.

एसटीची जुनी, कंडक्टरनं पंच केलेली तिकिटं अजून ठणठणीत आहेत. मशीनमधून येणारं तिकीट मात्र उष्णतेनं उमटवलेलं असतं, ते पुसट होत जातं. आमच्या शेवटच्या भेटीचं तिकीट आज कोरं पांढरं आहे. तुमच्याकडे असलं काही असेल तर आजच मोबाइलवर फोटो काढून ठेवा.

अल्बमच्या पानाला चिकटलेला फोटो नखानं उचकटायचा नाही. दात साफ करायचा फ्लॉस त्याच्या मागून करवतीसारखा हळूहळू सरकवा. काचेला चिकटलेला असेल तर सोडवूच नका, काचेसकट त्याचा फोटो काढा.

आता खरं काम. प्रत्येक वस्तूबरोबर शिसपेन्सिलीनं लिहिलेली एक चिठ्ठी हवी, नाहीतर आपल्यामागे सगळं रद्दीत जाणार. माझी एक चिठ्ठी अशी: ‘निळं बटण. तिच्या स्वेटरचं. महाबळेश्वरची सहल, फेब्रुवारी १९८८. परत करायचं राहिलं.’

भांडणाची चिठ्ठीही लिहायला घेतली होती. कारणं दोन आठवली, दोन्ही वेगवेगळी. दोन्ही लिहून पुढे प्रश्नचिन्ह टाकलंय.