चेरी श्रिंपच्या टाकीत कोणते मासे सोडावेत

दुकानात 'हा मासा शांत आहे का?' असं विचारलं की उत्तर बहुधा 'हो' असंच मिळतं. विचारायचं ते वेगळं: पूर्ण वाढल्यावर याचं तोंड केवढं होतं? चेरी श्रिंप म्हणजे गोड्या पाण्यातली चिमुकली लाल कोळंबी; तिची मादी जेमतेम 3 सेंटिमीटर, आणि नुकतं निघालेलं पिल्लू 2 मिलिमीटर. तोंडात मावेल ते गिळायचं हा जवळजवळ प्रत्येक माशाचा स्वभाव आहे. गरीब दिसणारा गप्पीसुद्धा पिल्लं टिपून संपवतो.

म्हणून आधी ठरवा, पिल्लं जगवायची आहेत की मोठे श्रिंप सुखरूप राहिले तरी पुरे?

पिल्लं हवी असतील तर भरवशाचा मासा एकच, ओटोसिंक्लस. तो काचेवरचं, पानांवरचं शेवाळ खरवडत फिरतो आणि पिल्लांकडे ढुंकूनही बघत नाही. मात्र नव्या टाकीत तो उपाशी मरतो, त्यामुळे चार-पाच महिने चाललेल्या, शेवाळ धरलेल्या टाकीतच 4 ते 6 ओटो सोडा. घेताना मासा काचेला चिकटलेला असताना त्याचं पोट बघा. पोट खपाटीला गेलेलं असेल तर घेऊ नका, असे मासे सहसा सावरत नाहीत. सोबत नेराइट गोगलगाय बिनधास्त ठेवा.

थोडी पिल्लं गेली तरी चालणार असतील, तर एम्बर टेट्रा, चिली रासबोरा किंवा पिग्मी कोरीडोरास. 2 बाय 1 बाय 1 फुटाच्या टाकीत यांपैकी एकाच जातीचे 8-10 पुरेत. खाली दोन मुठी जावा मॉस (दाट, बारीक पानांची पाणवनस्पती) मोकळा पसरा; पिल्लं पहिले दोन-तीन आठवडे त्यातच राहतात आणि तिथेच त्यांना खायलाही मिळतं.

एंजल, गोल्डफिश, बार्ब, मोठे गुरामी, बोटिया लोच यांचा विचारच नको. श्रिंप कवच सोडतो तेव्हा दिवसभर मऊ असतो आणि हे मासे नेमका तोच गाठतात. फायटर माशाचं सांगता येत नाही, एक दुर्लक्ष करतो, दुसरा आठवड्यात टाकी रिकामी करतो. ब्रह्मपुत्रेच्या खोऱ्यातला स्कार्लेट बादिस तर 2 सेंटिमीटरचाच, पण हलणारं भक्ष्य शोधणारा शिकारी. ओढ्यातून धरून आणलेली लांब नांग्यांची कोळंबीही नको.

क्रम महत्त्वाचा. आधी 10-15 श्रिंप सोडा, दोन-तीन महिन्यांत वीण वाढू द्या, मगच मासे. फिल्टरच्या तोंडाला स्पंज लावा, नाहीतर माशांआधी फिल्टरच पिल्लं ओढेल. नवे मासे तीन-चार आठवडे वेगळ्या टाकीत ठेवा. माशांच्या पांढऱ्या ठिपक्यांच्या रोगावरच्या बऱ्याच औषधांत तांबं असतं, ते श्रिंपना मारतं. म्हणून औषधपाणी त्या वेगळ्या टाकीतच उरका. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये पाणी 30 अंशांवर जातं, तेव्हा नवे मासे सोडू नका. 22 ते 26 अंश श्रिंपना सोसतं, त्यापुढे पाण्यातला ऑक्सिजन घटतो आणि गर्दी झेपत नाही.

मासे सोडल्यावर दोन दिवस श्रिंप दडून बसतील, ते ठीक. आठवडा उलटूनही दिवसा एकही उघड्यावर चरताना दिसला नाही, किंवा मिशा तुटलेल्या दिसल्या, तर मासे काढा.