जुन्या रॉक एलपीचं घरच्या घरी रिमास्टर

रिमास्टर म्हणजे जुन्या रेकॉर्डिंगचा आवाज नव्याने साफ-नीट करणं. खरं रिमास्टर स्टुडिओतल्या मूळ टेपवरून होतं. ती आपल्याला कोण देणार? आपल्याला मिळते ती जुन्या बाजारात घासाघीस करून आणलेली सत्तरच्या दशकातली एलपी. स्वतःपुरतं ऐकायला तीही भरपूर झाली.

आधी धुणं. डिस्टिल्ड वॉटर, दोन थेंब लिक्विड सोप, मऊ ब्रश; लेबल कोरडं राहू द्या. मिनिटाला ७८ फेरे घेणारी जुनी लाखेची तबकडी असेल तर अल्कोहोल चुकूनही नको, लाख विरघळते.

टर्नटेबल थेट कॉम्प्युटरला जोडू नका. एलपी कापताना बेस दाबलेला आणि ट्रेबल चढवलेला असतो. फोनो प्रीअँप ते उलटं करतो. तो नसला की ड्रमऐवजी पत्र्याचा डबा वाजतो. प्रीअँपसाठी पुण्यातल्या तापकीर गल्लीत, इलेक्ट्रॉनिक्सच्या बाजारात, विचारून पाहा. रेकॉर्डिंग २४ बिट, ९६ किलोहर्ट्‌झ, आणि सर्वांत मोठा आवाजही उणे ६ डेसिबलच्या खाली. रात्री करा. गणपतीआधीच्या महिन्यात तर रात्रीच. ढोलपथकाचा सराव फरशीतून थेट सुईत चढतो.

आता खरं काम: टिकटिक काढणं. ऑटोमॅटिक डीक्लिकर, म्हणजे टिकटिक आपोआप पुसणारं सॉफ्टवेअर, पूर्ण ताकदीने लावलात तर ते स्नेअर ड्रमचा ठोकाही ओरखडा समजून खातो. म्हणून ते हलकंच लावा आणि उरलेलं हाताने. ऑडॅसिटी या ध्वनी-संपादनाच्या सॉफ्टवेअरमध्ये आवाजाची लाट मोठी करून पाहा: क्लिक म्हणजे एकच उभा सुळका, लगेच संपणारा, ठोक्याला मागे शेपूट असतं. सुळका तेवढा निवडा, ‘रिपेअर’ दाबा. ते एका वेळी १२८ सॅम्पलच (आवाजाचे सुटे बारीक तुकडे) दुरुस्त करतं, तेवढे पुरतात. मागची बारीक सरसर राहू द्या. ती पुसायला गेलात की सिंबलची (ड्रमसोबतच्या झांजेची) झिलई जाते.

इक्वलायझर अख्ख्या बाजूला एकच नको. शेवटच्या गाण्याकडे सुईखालून सरकणाऱ्या खाचेचा वेग सुरुवातीच्या निम्म्याहूनही कमी होतो, त्यामुळे त्या गाण्याचा ट्रेबल मुळातच बोथट लागतो. २० हर्ट्‌झखालची घरघर मात्र सगळीकडून कापा.

लिमिटरला, म्हणजे उंच सुळके दाबून एकूण आवाज चढवणाऱ्या साधनाला, हात लावायचा मोह होईलच. आधी एक करा: लिमिटर लावलेली आणि न लावलेली, दोन्ही प्रती सारख्याच आवाजात ऐका. एखाददुसरा डेसिबल जास्त असलेली प्रत कानाला उगाच चांगली वाटते, आणि कंपन्यांनी वर्षानुवर्षं ‘रिमास्टर’ म्हणून नेमकं हेच विकलंय.

मूळ रेकॉर्डिंग आणि साफ केलेली प्रत, दोन्ही फ्लॅकमध्ये (आवाजातलं काहीही न गमावणारा फाइल प्रकार) ठेवा. गाडीसाठी एमपी३ पुरे. सिंहगड रस्त्याच्या हॉर्नांत कोण झिलई ऐकणार?