फील्ड टेलिफोनची लाइन कशी टाकावी

लाइन कुणी टाकायची, हे आधी ठरलेलं हवं. लष्करी शिरस्ता असा: वरचं मुख्यालय खालच्या मुख्यालयापर्यंत लाइन नेतं, आणि मदत देणारी तुकडी मदत घेणाऱ्यापर्यंत. भारतीय लष्करात ब्रिगेडकडून बटालियनपर्यंतचं काम कोअर ऑफ सिग्नल्स या संदेशवहन शाखेच्या जवानांचं. तिथून पुढे कंपन्यांपर्यंत बटालियनची स्वतःची सिग्नल प्लाटून लाइन नेते. लाइन बंद पडली, तर मात्र दोन्ही टोकांनी शोधायला निघायचं.

वायर दुहेरी, पिळाची घ्या. पहिल्या महायुद्धात एकेरी वायर टाकून परतीचा प्रवाह जमिनीतून नेत. जर्मनांची चोरून ऐकणारी ठाणी तेच बोलणं जमिनीतून टिपत. नकाशावर अंतर १ किलोमीटर असेल तर किमान १.२ किलोमीटर वायर लागते, कारण ती सैल सोडायची असते.

रीळ बाहेर नेण्याआधी तपासा. आतली दोन टोकं टेलिफोनला जोडा, बाहेरची मोकळी ठेवा आणि टेलिफोनचं घंटी वाजवायचं हँडल फिरवा. ते हलकं फिरलं पाहिजे. जड गेलं तर वायरी आत कुठेतरी एकमेकींना चिकटल्या आहेत. मग बाहेरची टोकं एकत्र जोडून पुन्हा फिरवा. आता जड जायला हवं. हलकंच राहिलं तर वायर तुटलेली आहे.

सुरुवातीला झाडाला किंवा खांबाला बांधून घ्या, म्हणजे लाइनला बसलेला हिसका यंत्रापर्यंत पोहोचणार नाही. लाइन रस्त्यापासून दूर, कुंपणाच्या किंवा बांधाच्या कडेने न्या. एकजण वायर सोडत पुढे जातो, मागचा ती जागेवर बसवून बांधतो. ताणून बांधलेली वायर गुराच्या पायानेही तुटते. विजेच्या तारांना समांतर नेऊ नका, गुणगुण ऐकू येते. ओलांडायच्याच असतील तर काटकोनात ओलांडा.

लाइनचा घात बहुतेकदा रस्त्यावर होतो, तोही आपल्याच गाड्यांमुळे. मोरी असेल तर तिच्यातून काढा. नसेल तर १५ ते ३० सेंटिमीटर खोल पुरा, किंवा किमान ५.५ मीटर उंचावरून न्या. दोन्ही बाजूंना पक्कं बांधा आणि लाइनची चिठ्ठी लावा. अंधारात पाच लाइनींतून आपली ओळखायची ती याच चिठ्ठीवरून.

नवं रीळ जोडण्याआधी मागच्या टोकाशी बोलून बघा. दोन वायरींचे जोड समोरासमोर येऊ देऊ नका, पुढेमागे ठेवा. नाहीतर टेप ओली झाली की जोड एकमेकांना भिडतात. घाईत केलेला जोड पहिल्याच पावसात त्रास देतो.

बिघाड झाला तर आधी हँडलच फिरवा: नेहमीपेक्षा हलकं म्हणजे वायर तुटली, जड म्हणजे कुठेतरी भिडली. मग लाइनच्या मध्यावर जाऊन दोन्ही टोकांना बोलवा. ज्या अर्ध्यातून उत्तर येत नाही, त्याच्या मध्यावर जा. घंटी वाजते, समोरच्याचं ऐकू येतं, पण त्याला तुमचा आवाज जात नाही? मग लाइन शोधत हिंडू नका, तुमच्या यंत्रातले सेल बदला. घंटी मॅग्नेटोवर, म्हणजे हँडलने फिरणाऱ्या छोट्या जनित्रावर वाजते, आवाज मात्र सेलवर जातो.