आईच्या भुलाबाईवरून स्वतःचं गाणं कसं काढायचं

दर महिन्याला एकतरी पोट्टा विचारतेच, दादा मला फोक-पॉप करायचं आहे, माइक कोणता घेऊ. अरे बावा, माइक सगळ्यात शेवटी. आधी गाणं तर पाह्यजे ना! मी गेली काही वर्षं नागपुरात हेच करून राहिलो, स्वतःच लिहितो, चाल लावतो, गातो, हळदीपासून गणपतीच्या मांडवापर्यंत सगळीकडे गाऊन झालं, त्यातून जे हाती लागलं ते सांगतो.

सुरुवात घरातून. आपल्या इकडे भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाई बसते, पोरी घरोघरी गाणी म्हणत फिरतात आणि शेवटी डब्यात काय खिरापत आहे ते ओळखायचं. तुमच्या आईला, मावशीला अशी दहा-वीस गाणी नक्की पाठ असतील. पण फोन तोंडासमोर धरून 'म्हण' म्हणू नका. मी तसंच केलं, तर आई एकदम शाळेतल्या प्रार्थनेसारखी ताठ बसून गायला लागली, सगळं सपाट. मग एक दिवस ती तुरीच्या शेंगा सोलत होती, तिला विचारलं आणि फोन सुपाच्या बाजूला ठेवून दिला. तेव्हा खरी चाल निघाली. दाणे सुपात पडायचा आवाज आणि ओळीच्या मधातच घेतलेला श्वास, तो श्वास कुठे पडते तेच तर शिकायचं असते, नवीन ओळ त्याच जागी मोडली की गाणं आपोआप गावाकडचं वाटते.

अख्खी चाल उचलू नका. ठेका घ्या आणि टेक (परत परत येणारी ओळ) घ्या, कडवी स्वतःची करा. टाळ्या वाजवून मात्रा मोजा, बहुतेक गाणी आठ मात्रांच्या केरव्यात नाहीतर सहाच्या दादऱ्यात बसतात. शब्द मात्र आपण बोलतो तसेच ठेवा. 'काय करतेस' म्हटलं की ओळ पटकन संपते, 'काय करून राहिली' म्हटलं की त्या 'रा'वर मस्त थांबता येते, आवाज फिरवायला जागा मिळते. आपली बोली चालीला एवढी जागा देते आणि आपण पुण्याची भाषा लिहायला जातो, मला तर हे कधी समजलंच नाही.

आता परीक्षा. ट्रॅक नाही, कीबोर्ड नाही, फक्त खंजिरी आणि गळा. तुकडोजी महाराज (१९०९ ते १९६८) स्वतः लिहायचे, स्वतः खंजिरीवर गायचे, सिंगर-सॉंगरायटर हा शब्द आपल्याकडे यायच्या कितीतरी आधी, आणि आज आपल्या युनिव्हर्सिटीला त्यांचंच नाव आहे. घरातली पाच-सहा माणसं बसवा. तिसऱ्यांदा टेक आली तरी कोणी झील धरत नसेल, म्हणजे मागून सोबत गात नसेल, तर टेक पुन्हा लिहा, त्याला बीट लावून काही फायदा नाही. चामड्याची खंजिरी पावसाळ्यात ढिली पडते हे ध्यानात ठेवा, वाजवायच्या आधी थोडी शेकून घ्या.

पट्टी ठरवताना सकाळच्या ताज्या गळ्यावर जाऊ नका. मांडवात दीड-दोन तास गायचं असते, रात्री दमलेल्या आवाजात वरचा सूर लागते का ते पाहा, नसेल लागत तर अर्धा सूर खाली या. यात लाज कसली.

रेकॉर्डिंग घरीच होते, फक्त मे महिन्यात नको. नागपूरचं ४५ डिग्री ऊन, कूलर चालू ठेवला तर गाण्याच्या मागे धबधबा ऐकू येते आणि बंद केला तर गाणारा उकडून निघते. मी पहाटे चारला करतो, कूलर-पंखा बंद, कपड्यांनी भरलेलं कपाट उघडं, मागे गादी उभी. कंडेन्सर माइक असेल तर इंटरफेसवर, म्हणजे माइक कॉम्प्युटरला जोडायच्या डब्यावर, ४८ व्होल्टचं बटण दाबायला विसरू नका (मी अर्धा तास वायर बदलत बसलो होतो), तोंड एक वीत लांब, सगळ्यात जोरातली ओळ रेकॉर्डिंगच्या मीटरवर मायनस ६ डीबीच्या आसपास राहू द्या. मूळ फाइल २४ बिट वेव्हमध्ये दोन ठिकाणी ठेवा.

आता पैशाचं, हे नीट वाचा. माझं पहिलं गाणं मी एका कंपनीला एकरकमी देऊन टाकलं, स्टॅम्प पेपरवर काय लिहिलं तेही पूर्ण वाचलं नाही, मग ते गाणं लोकांच्या हळदीत वाजून राहिलं आणि मी तिथे जेवायच्या रांगेत उभा. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली बदल झाला, तेव्हापासून गीतकार आणि संगीतकार रॉयल्टीतला आपला हक्क कंपनीला लिहून देऊच शकत नाही, वाटा बरोबरीचा असते. करारात मुदत लिहिली नसेल तर ती ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणून 'कायमचे' आणि 'जगभर' हे दोन शब्द दिसले की पेन खाली ठेवा. शब्द आणि चाल तुमची असेल तर आयपीआरएसचे मेंबर व्हा, ही गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी संस्था. आणि आईकडून घेतलेली टेक असेल तिथे 'पारंपरिक' असं सरळ लिहा, सगळंच माझं माझं करू नका. यूट्यूबच्या जाहिरातीचे पैसे म्हणाल तर १००० सबस्क्रायबर आणि वर्षभरात ४००० तास पाहिलं गेलं पाह्यजे (नाहीतर ९० दिवसांत शॉर्ट्सचे १ कोटी व्ह्यू), त्याच्या भरवशावर नोकरी सोडू नका.

पोट भरते ते कार्यक्रमांवर. १४ एप्रिल, गणपती, नवरात्र, लग्नं, आणि दिवाळीनंतर वडसा-गडचिरोलीकडे झाडीपट्टीचा, म्हणजे तिकडच्या गावोगावच्या नाटकांचा सीझन, रात्रभर नाटक, तिथे गाणारा लागतेच. तिथलं पब्लिक फार कडक, गाणं नाही आवडलं तर तोंडावर सांगते. अर्धे पैसे बयाणा म्हणून आधीच घ्या, गाडीभाडं वेगळं ठरवा, आणि शहरात रात्री दहाला स्पीकर बंद होते तेव्हा आपलं चालणारं गाणं साडेनऊलाच गाऊन मोकळे व्हा, शेवटासाठी राखून ठेवलं की ते राहूनच जाते.

आईला नंतर समजलं मी तेव्हा रेकॉर्ड करून राहिलो होतो. आता शेंगा सोलायला बसली की आधी सूप उचलून पाहते.