जुन्या चित्रपटांतील सहायक नटाची कारकीर्द कशी शोधावी

1940 आणि 1950च्या दशकांतील हॉलिवूडपटांत कारकून किंवा टॅक्सीचालक म्हणून दोन मिनिटे येऊन जाणाऱ्या नटाचे नाव बहुधा पडद्यावर येतच नसे, कारण तेव्हाची श्रेयनामावली आजच्या मानाने फारच त्रोटक होती. अशा नटाची कारकीर्द मांडायची असेल, तर चित्रपटांची यादी करण्याआधी तो माणूस नेमका कोण, हे पक्के करावे.

हॉलिवूडमधील सहायक नट चार्ल्स लेन (1905–2007) यांचेच पाहा. सुरुवातीच्या काही चित्रपटांत ते चार्ल्स लेव्हिसन या मूळ नावाने आढळतात. उलट 1920च्या ‘डॉ. जेकिल अँड मिस्टर हाइड’मधील डॉ. लॅनियन साकारणारे चार्ल्स लेन हे 1869 साली जन्मलेले वेगळेच नट होते. केवळ नावावर विसंबल्यास दोन माणसांचे आयुष्यभराचे काम एकाच्या खात्यावर जमा होते, आणि हा अन्याय मला फार मोठा वाटतो.

ओळख पटली की अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटची चित्रपटसूची पाहावी आणि मीडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररीत विनामूल्य मिळणारी त्या काळची चित्रपटव्यवसायाची नियतकालिके चाळावीत. 1950च्या अमेरिकी जनगणनेची पत्रके 2022 मध्ये खुली झाली असून त्यांत व्यवसायाचीही नोंद सापडते.

तरीही खरा पुरावा पडद्यावरच असतो. ‘इट्स अ वंडरफुल लाइफ’मध्ये (1946) बेली पार्क या वसाहतीतल्या नव्या घरांची खबर धनाढ्य घरमालक पॉटरला देणारा भाडेवसुली करणारा माणूस पाहावा: लेन यांची ती तुटक, करवादलेली बोलण्याची ढब एकदा कानात बसली की दुसऱ्या चित्रपटात चेहरा ओझरता दिसला तरी ते ओळखू येतात. प्रत्येक दर्शनाची वेळ, वेष आणि एखादे वाक्य टिपून ठेवावे. कानाची ठेवणही पाहावी, कारण रंगभूषेने ती सहसा बदलत नाही.

1950 नंतर चित्रपट कमी झालेले दिसले, म्हणून कारकीर्द संपली असे मानू नये. 1948च्या अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने स्टुडिओंना चित्रपटगृहांवरील मालकी सोडावी लागली, दूरचित्रवाणीची स्पर्धाही वाढली, करारावरील नटांची संख्या घटली आणि पुष्कळ जण मालिकांकडे वळले. लेन ‘आय लव्ह लूसी’ या विनोदी मालिकेत वेगवेगळ्या भूमिकांत दिसतात. ज्या नोंदीची खात्री पटत नाही, ती गाळू नये. तिच्यापुढे ‘संशयास्पद’ असे लिहून कारणही द्यावे.