लढाईचं रान कसं बघायचं? आसई, राक्षसभुवन, पालखेडला जायच्या आधी हे वाचा

सगळ्यात आधी, सनावळी पाठ करून मैदानावर जाऊ नका. मी गेलो होतो तसा. आसईला, ते पण मे महिन्यात, दुपारी बारा वाजता मित्राच्या गाडीवर. केळणा नदी ठणठणीत कोरडी, पात्रात शेळ्या चरायल्या, आणि मी मित्राला म्हणतो की ह्या नाल्यानं फौजा अडल्या होत्या? फोटो काढले, रसवंतीवर रस पिला, घरी. काहीच कळलं नाही. लढाई झाली २३ सप्टेंबर १८०३ ला, मी गेलो मे मधे, मग कळणार काय कप्पाळ.

म्हणून पहिलं काम हे की तारखेतला महिना बघायचा, साल नंतर. सप्टेंबर म्हणजे नदीला पाणी, काळ्या रानात चिखल, तोफेचं चाक रुतणार. फेब्रुवारी म्हणजे ओढे आटायला लागलेले, पाणी कुठं आहे ते शोधत फौज फिरणार. आपल्याकडं शेती करणाऱ्याला हे सांगायची गरज नाही पण आपणच पुस्तक हातात घेतलं की हे विसरतो. आणि जमलं तर त्याच महिन्यात जा.

दुसरं काम मोबाईलवर, घरी बसून. नकाशा उघडा, सॅटेलाईट लावा आणि गावं सोडून आधी नदी शोधा. आसईचंच बघा, जालना जिल्ह्यात भोकरदन-जाफराबादच्या बाजूला केळणा आणि जुई ह्या दोन नद्या जवळजवळ येतात आणि मधे जमिनीची जीभ सुटल्यासारखी दिसते. शिंदे-भोसल्यांची फौज केळणेच्या पलीकडं, जवळपास शंभर तोफा, युरोपियन अफसरांनी कवायत शिकवलेली पायदळ पलटणं. इकडून इंग्रजांचा सेनापती वेलस्ली आला, बरोबर थोडी फौज, दुसरी इंग्रज तुकडी अजून लांब. वाटाड्यांनी सांगितलं की जवळपास नदीला उतार (म्हणजे पायी ओलांडायची जागा) नाही. ह्यानं दुर्बिणीतून बघितलं तर नदीच्या अलीकडं एक गाव, पलीकडं बरोबर समोर दुसरं गाव, इंग्रजांच्या कागदात पिंपळगाव आणि वरूर असं लिहिलंय. त्यानं काय विचार केला, की एवढी समोरासमोर गावं आहेत तर माणसं येत-जात असणारच, म्हणजे मधे उतार असणारच. आणि निघाला! तिथूनच फौज पार गेली.

हे वाचलं तेव्हा मला आमच्या आजीचं माहेर आठवलं, नदीपलीकडं, आणि ती सांगायची की पुलाच्या आधी सगळी सोयरीक उतारावरूनच चालायची. आपल्याला माहीत असलेली गोष्ट त्या माणसाला दुर्बिणीतून दिसली, एवढंच. तर तुम्ही पण कुठल्याही मैदानाच्या नकाशावर अशी जोडगावं शोधा, पायवाट नदीत उतरताना दिसते का बघा.

नदी ओलांडली म्हणून सोपं झालं असं मात्र नाही हं. मराठी पलटणांनी तोंड फिरवून नवीन रांग लावली, त्यांच्या तोफांनी इंग्रजांचे तोफा ओढणारे बैल इतके मारले की त्यांना बऱ्याच तोफा मागं सोडून पुढं जावं लागलं. इंग्रजांचे मेले-जखमी मिळून दीड हजाराच्या वर गेले. ह्याच वेलस्लीनं पुढं वॉटर्लूला नेपोलियनला हरवलं, आणि म्हातारपणी विचारलं की तुमची सगळ्यात भारी लढाई कोणती तर म्हणाला आसई. आपल्या पोरांना वॉटर्लू माहीत असतं, आसई कुठं आहे ते गुगल करावं लागतं.

राक्षसभुवनला जाणार असाल (गेवराई तालुका, शनीला लोक जातातच) तर अजून एक भानगड लक्षात ठेवा. तिथली लढाई १० ऑगस्ट १७६३ ची, ऐन पावसाळा. निजामअली अर्धी फौज घेऊन गोदावरीच्या पलीकडं गेला आणि त्याचा दिवाण विठ्ठल सुंदर अलीकडं राहिला, मधे नदी. माधवराव आणि राघोबादादा अलीकडच्या फौजेवर तुटून पडले, विठ्ठल सुंदर मारला गेला, निजाम पलीकडून बघत बसला. आता तुम्ही घाटावर उभं राहून म्हणाल की पाणी तर एवढंसंच आहे. भाऊ, वर पैठणला जायकवाडी धरण झालंय, तुम्ही बघताय ती नदी ती नाहीच. त्यामुळं पाण्याकडं नका बघू, दरडीची उंची बघा आणि पात्र किती रुंद आहे ते बघा, मग भरलेली गोदावरी डोक्यात आपोआप येते.

पालखेडला उलटं, तिथं पाणी नसणं हीच लढाई. निजाम पुण्याकडं गेला होता, थोरल्या बाजीरावानं औरंगाबादला धोका दाखवला, तसा निजाम जड तोफा मागं टाकून धावत आला आणि फेब्रुवारी १७२८ मधे घेरला गेला, ना दाणा ना पाणी. मोठी मारामारी झालीच नाही म्हटलं तरी चालेल, मार्चमधे मुंगी-शेवगावला तह. इथं बघायला स्मारक वगैरे शोधू नका, विहिरी आणि ओढे किती लांब-लांब आहेत ते मोजा.

किल्ल्याला पण हाच हिशोब. देवगिरीवर १२९६ ला अल्लाउद्दीन आला तेव्हा शंकरदेव फौज घेऊन बाहेर होता, आणि वर धान्य म्हणून चढवलेल्या गोण्या मिठाच्या निघाल्या अशी गोष्ट सांगतात. खरी-खोटी सोडा, पण १६३३ ला महाबतखानानं घेतला तेव्हा पण आत उपासमारच होती. त्यामुळं अंधारीत (किल्ल्यातल्या काळोख्या भुयारात) किंचाळून झालं की जरा टाकी आणि कोठारं बघा, गाईडला तेच विचारा, तो खूष होईल.

आणि एक, कोण कुणाकडून लढलं ते आधी कागदावर लिहून न्या, नाहीतर डोकं फिरतं. उदगीरच्या लढाईत (३ फेब्रुवारी १७६०) सदाशिवरावभाऊंचा तोफखाना इब्राहिमखान गारद्याचा, समोर निजाम. राक्षसभुवनच्या आधी नागपूरचे जानोजी भोसले निजामाकडं होते, ऐनवेळी फुटले. आसईच्या वेळी पेशवा बाजीराव दुसरा वसईचा तह करून इंग्रजांच्या बाजूला बसलेला. व्हॉट्सॲपवर येतं तसं दोनच रंगात मांडायला गेलात तर पहिल्याच मैदानावर अडकाल.

निघताना टोपी, दोन लिटर पाणी, आणि पावसाळ्यात गेलात तर गाडी डांबरी रस्त्यावरच ठेवा. काळ्या मातीत मी एकदा घातली होती, ट्रॅक्टर बोलवावा लागला.