रुग्ण ‘नको’ म्हणतो तेव्हा: मानसिक रुग्णालयात दाखल करण्याची कायदेशीर वाट

घरातला माणूस जेवत नाही, झोपत नाही, शेजारी आपल्यावर करणी करतात म्हणून कोयता उशाशी घेऊन बसतो आणि दवाखान्याचं नाव काढलं की अंगावर येतो. अशा वेळी बहुतेक कुटुंबांना पहिला सल्ला मिळतो तो ‘कोर्टाची ऑर्डर आणा’ असा. हा सल्ला 1987च्या जुन्या कायद्याचा आहे. आता मानसिक आरोग्य सेवा अधिनियम 2017 लागू आहे आणि घरच्यांनी दाखल करायचं असेल तर आधी न्यायालयात जावं लागत नाही. लागतात तीन गोष्टी: नामनिर्देशित प्रतिनिधीचा, म्हणजे उपचाराच्या निर्णयात रुग्णाच्या बाजूने उभं राहणाऱ्या माणसाचा अर्ज, दोन स्वतंत्र तपासण्या आणि तारखांचं काटेकोर भान.

सगळ्यात आधी हे पाहा की माणूस स्वखुशीने यायला तयार होतो का. चांगला वेळ पाहून, ज्याचं तो ऐकतो अशा एखाद्या माणसाकडून विचारून पाहा. ‘तुला वेड लागलंय’ म्हणू नका. ‘चार रात्री झोप नाही, त्यासाठी डॉक्टरांना दाखवू’ म्हणा. तो आला तर कलम 86 खाली स्वतंत्र रुग्ण म्हणून दाखल होतो, स्वतः संमती देतो आणि स्वतः मागेल तेव्हा घरी जाऊ शकतो. जायला निघाला आणि धोका दिसला, तर तपासणीसाठी त्याला 24 तासांपर्यंत थांबवता येतं. म्हणजे ही वाट कच्ची नाही. उपचार पुढे टिकण्याच्या दृष्टीने तीच सर्वांत चांगली.

तो तयार नसेल तर कलम 89. त्याला कायदा ‘आधारासह दाखल’ म्हणतो, मुदत जास्तीत जास्त 30 दिवस.

अर्ज कोण करणार, हे घरात आधी ठरवा. रुग्णाने पूर्वी लेखी कुणाला नेमलं असेल तर तीच व्यक्ती नामनिर्देशित प्रतिनिधी. नसेल तर आगाऊ निर्देशात, म्हणजे आजारी पडलो तर काय करायचं हे रुग्णाने आधीच लिहून ठेवलेल्या कागदात, नाव असलेली व्यक्ती, मग नातेवाईक, मग सांभाळ करणारा, असा क्रम लागतो. भावाने अर्ज करायचा आणि बायकोने वॉर्डात येऊन उलट सांगायचं, असं झालं की रुग्णालय थांबतं आणि त्यात रुग्णाचे दिवस जातात. ज्याच्यावर रुग्णाचा निदान थोडा तरी विश्वास आहे, त्याच्याकडे हे काम द्या. जमिनीच्या वाटणीवरून ज्याचं रुग्णाशी भांडण आहे त्याने अर्जावर सही करू नये.

तपासणी दोघांची: एक मानसोपचारतज्ज्ञ हवेतच, दुसरे मानसिक आरोग्य व्यावसायिक किंवा साधे नोंदणीकृत डॉक्टर चालतात. दोघांनी वेगवेगळं तपासायचं, दाखल होण्याच्या दिवशी किंवा त्याआधीच्या सात दिवसांत. एकाने लिहायचं आणि दुसऱ्याने न पाहता खाली सही करायची, हे कायद्याला मान्य नाही. दोघांनाही तीनपैकी एक तरी गोष्ट दिसली पाहिजे: अलीकडे स्वतःला इजा करण्याची धमकी किंवा प्रयत्न, दुसऱ्यावर हिंसा किंवा इजा होईल अशी भीती घालणारं वागणं, अथवा स्वतःची काळजी घेता न आल्यामुळे स्वतःला इजा होण्याचा धोका. शिवाय कमी बंधनाचा दुसरा उपाय उरलेला नाही आणि मोठ्या आधाराशिवाय रुग्णाला उपचाराचा निर्णय घेता येत नाही, हेही त्यांनी नोंदवायचं असतं.

नेमकं इथेच घरच्यांची तयारी कमी पडते. ‘तो फार त्रास देतो’, ‘विचित्र वागतो’ या वाक्यांतून डॉक्टरांना काही ठरवता येत नाही. घरून निघण्यापूर्वी एका कागदावर तारखांसह लिहा: ‘सोमवारी रात्री दोन वाजता कोयता घेऊन आईच्या खोलीत गेला. मंगळवारपासून पाणी सोडून काही घेतलं नाही, अन्नात विष आहे म्हणतो. बुधवारी विहिरीच्या कठड्यावर उभा राहून, मी जातो, असं म्हणाला.’ कोण म्हणालं, कोणी पाहिलं, इजा झाली का, हेही लिहा. सोबत जुन्या चिठ्ठ्या, गोळ्यांची पाकिटं, आधार कार्डाची प्रत आणि दुसरे आजार असतील तर त्यांचे कागद घ्या. मधुमेह, फिट, दारू यांची माहिती लपवू नका. रोज दारू पिणाऱ्याची दारू वॉर्डात अचानक थांबते, त्यातून झटके येऊ शकतात. डॉक्टरांना आधी माहीत असेल तर ते टाळता येतात.

कायद्याने जे कारण नाकारलं आहे तेही माहीत हवं. समाजाच्या चालीविरुद्ध वागणं, न पटणारं लग्न किंवा वेगळी श्रद्धा यांवरून कुणाला मनोरुग्ण ठरवता येत नाही. पूर्वी उपचार झाले होते, एवढ्यावरूनही नाही. आपल्याला चुकीचा वाटणारा निर्णय कुणी घेतला म्हणजे त्याची निर्णयक्षमता गेली, असं कायदा मानत नाही.

रुग्णालयापर्यंत न्यायचं कसं, हा सर्वांत अवघड भाग. जिवाला धोका असेल तर कलम 94 कामी येतं. कुठलाही नोंदणीकृत डॉक्टर, अगदी गावातला फॅमिली डॉक्टरसुद्धा, घरी येऊन तातडीचे उपचार देऊ शकतो. नामनिर्देशित प्रतिनिधी हजर असेल तर त्याची संमती घ्यायची. जवळच्या मानसिक आरोग्य संस्थेत नेणंही यातच येतं. या तरतुदीची मर्यादा 72 तास, किंवा संस्थेत तपासणी होईपर्यंत, यांपैकी जे आधी असेल ते. या तरतुदीखाली विजेचे शॉक देता येत नाहीत. रुग्णवाहिकेसाठी 108, हिंसा चालू असेल तर 112. फोनवर पहिल्याच वाक्यात सांगा की हा मानसिक आजार आहे आणि रुग्णालयात न्यायचं आहे. नाहीतर पोलीस भांडणाची तक्रार समजून येतात. रस्त्यावर भटकणारा, स्वतःला सांभाळू न शकणारा रुग्ण पोलिसांनी संरक्षणात घेऊन 24 तासांच्या आत सरकारी आरोग्य संस्थेत न्यायचा असतो. त्याला कोठडीत ठेवता येत नाही. घरात कुणाला कोंडून किंवा उपाशी ठेवलं असेल तर पोलीस दंडाधिकाऱ्यांना कळवतात आणि दंडाधिकारी तपासणीसाठी 10 दिवसांपर्यंत दाखल करण्याचा आदेश देऊ शकतात. न्यायालय लागतं ते अशा प्रसंगी.

गाडी घेऊन येणाऱ्या, चार माणसं लावून उचलून नेणाऱ्या व्यसनमुक्ती केंद्रांबद्दल सावध राहा. दारू आणि अमली पदार्थांमुळे झालेली मानसिक अवस्था या कायद्यात येते, म्हणूनच नियमही तेच लागतात. आधी नोंदणी प्रमाणपत्र मागा आणि दोन तपासण्या कोण करणार ते विचारा. उत्तर मिळालं नाही तर तिथे माणूस सोडू नका. साखळीने बांधणं, एकांत कोठडी, जबरदस्तीने डोकं भादरणं, भूल न देता शॉक देणं या सगळ्यावर कायद्याने बंदी आहे. कायदा मोडणाऱ्याला पहिल्या वेळी 6 महिन्यांपर्यंत कैद किंवा 10,000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात.

महाराष्ट्रात ठाणे, येरवडा, नागपूर आणि रत्नागिरी इथे सरकारी प्रादेशिक मनोरुग्णालयं आहेत. गोव्यात बांबोळीची मनोरुग्ण संस्था. कुठे जावं हे कळत नसेल तर टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या 14416 या क्रमांकावर विचारता येतं.

दाखल झाल्यावर कॅलेंडर हातात घ्या. रुग्ण स्त्री किंवा अल्पवयीन असेल तर 3 दिवसांत, इतरांबाबत 7 दिवसांत रुग्णालयाने मानसिक आरोग्य पुनर्विलोकन मंडळाला, म्हणजे असं दाखल करणं योग्य आहे का हे पाहणाऱ्या कायद्याने नेमलेल्या मंडळाला, कळवायचं असतं. कळवल्याची तारीख विचारून लिहून ठेवा. दर सात दिवसांनी रुग्णाची निर्णयक्षमता तपासायची असते, आणि ती परत आली की संमती त्याचीच घ्यायची. रुग्ण किंवा प्रतिनिधी मंडळाकडे दाद मागू शकतो. त्यावर 7 दिवसांत निर्णय व्हायला हवा. वकिलासाठी पैसे नसतील तर मोफत कायदेशीर मदत मिळण्याचा हक्क आहे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा.

30 दिवस संपत आले आणि धोका कायम असेल तर कलम 90. आता दोन्ही तपासणारे मानसोपचारतज्ज्ञ हवेत, आणि धोका एकदा दिसला एवढं पुरत नाही, तो सतत दिसलेला असावा लागतो. मंडळाला 7 दिवसांत कळवायचं, मंडळाने 21 दिवसांत निर्णय द्यायचा. पहिली मुदत 90 दिवसांपर्यंत, मग 120, मग प्रत्येक वेळी 180. हा विषय एकविसाव्या दिवशीच डॉक्टरांकडे काढा. एकोणतिसाव्या दिवशी धावपळ सुरू झाली की कागद अपुरे राहतात आणि रुग्ण अर्ध्या उपचारावर घरी येतो. आणखी एक बाब घरच्यांना सहसा कुणी सांगत नाही: कलम 89 खालून सुटल्यावर सात दिवसांच्या आत पुन्हा दाखल करावं लागलं, तर ते कलम 90 खाली धरलं जातं. म्हणून चार दिवसांत बरा दिसला म्हणून घाईने घरी आणू नका. सुटीच्या आधी गोळ्या कोण देणार, पुढची तारीख कोणती, बिघडल्याची पहिली खूण कोणती, हे डॉक्टर आणि रुग्ण दोघांसमोर ठरवून घ्या.

माणूस सावरला की त्याच्याकडून आगाऊ निर्देश लिहून घ्या. पुन्हा आजारी पडलो तर कुठे न्यायचं, कोणतं औषध नको, नामनिर्देशित प्रतिनिधी कोण, हे त्याने स्वतः ठरवून लिहायचं. हा कागद कलम 94च्या तातडीच्या उपचारांना लागू होत नाही, पण इतर वेळी डॉक्टरांवर बंधनकारक असतो. डॉक्टरांना किंवा घरच्यांना तो मानायचा नसेल तर मंडळाकडे अर्ज करावा लागतो. प्रत घरी, प्रतिनिधीकडे आणि नेहमीच्या डॉक्टरांच्या फाइलमध्ये ठेवा.